हसनबागभाऊंचं मराठी

आमच्या शेजारी राहणारे गृहस्थ रविवारी दुपारी टेलीवर, म्हणजे टीव्हीवरच्या सिनेमात, मरायचे आणि सोमवारी सकाळी दारातल्या दुधाच्या बाटल्या उचलताना माझ्या आईला ‘गुड मॉर्निंग’ म्हणायचे. कधी त्यांना कुणीतरी पुलावरून नदीत ढकललेलं असे, कधी त्यांची मोटार दरीत कोसळून पेट घेई, तर कधी इंग्लिश हिरो त्यांच्याकडे न बघताच गोळी झाडून पुढे निघून जाई. अंगावर नेहमी राखाडी युनिफॉर्म, पायात गुडघ्यापर्यंत बूट आणि तोंडात ओरडून दिलेला एखादा हुकूम. सिनेमाच्या शेवटी नावांची पट्टी वर सरकू लागली की बाबा खुर्चीतून पुढे वाकत आणि बरंच खाली, ‘दुसरा अधिकारी’ किंवा ‘तुरुंगाचा कमांडंट’ याच्यापुढे, एरिख हासेनबाख हे नाव दिसलं की समाधानाने मागे टेकत. जणू आपल्याच कुणा मावसभावाचं नाव आलं होतं. आईला ते आडनाव काही केल्या उच्चारता येईना. तिने पहिल्याच आठवड्यात त्याचं ‘हसनबाग’ करून टाकलं. पुढे ते तिचे हसनबागभाऊ झाले, आणि समोर असले की नुसतेच भाऊ.

लंडनच्या विमानतळालगतच्या हाउन्सलोमधलं आमचं घर म्हणजे दोन जोडघरांमधलं डावीकडचं. मधली भिंत एकच. डोक्यावरून विमानं इतकी खाली यायची, की त्यांच्या पोटावरची अक्षरं वाचता यायची. विमान आलं की आम्ही सगळे बोलता बोलता थांबायचो आणि ते गेलं की त्याच शब्दापासून पुढे सुरू करायचो. अजूनही ग्लासगोच्या माझ्या फ्लॅटवर एखादं हेलिकॉप्टर आलं की मी वाक्याच्या मध्येच थांबते, आणि माझ्या नाती एकमेकींकडे बघून हसतात. बाबा विमानतळाच्या मालवाहतुकीच्या ऑफिसात होते, आई विमानात देण्याच्या जेवणाच्या किचनमध्ये. दिवसभर ती चांदीच्या कागदात दुसऱ्यांची जेवणं झाकायची आणि घरी आल्यावर अंगातला तो वास घालवायला आधी फोडणी टाकायची. कैऱ्या मिळत नसत, म्हणून तिने हिरव्या गूजबेरीचं लोणचं घालायला सुरुवात केली होती. आंबट सफरचंदं किसून ती आंब्याच्या डाळीसारखी डाळ करी. मेथीची भाजी मागच्या अंगणात लाकडी खोक्यांतून उगवे.

आम्ही त्या घरात राहायला गेलो त्याच आठवड्यात एका दुपारी भिंतीपलीकडून कुणीतरी भयानक ओरडायला लागलं. आधी हुकूम, मग शांतता, मग पुन्हा तोच हुकूम, थोड्या वेगळ्या रागाने. आईचे हात कणकेत होते. ‘अहो, शेजारी कुणाला तरी झापताहेत,’ ती बाबांना म्हणाली. ‘बायको-मूल असेल आत. जाऊन बघा तरी.’ बाबा घाबरतच गेले. दार उघडलं ते एका उंच, हडकुळ्या, टक्कल पडू लागलेल्या माणसाने. कमरेला एप्रन, एका हातात संवादांचे कागद, दुसऱ्यात सोललेला बटाटा. घरात दुसरं कुणीच नव्हतं. त्यांची इंग्लिश बायको बऱ्याच वर्षांपूर्वी वारली होती. ते फक्त तालीम करत होते. त्यांनी इतक्या वेळा माफी मागितली, की शेवटी बाबांनाच अवघडल्यासारखं झालं आणि ते त्यांना चहाला घेऊन आले. तेव्हापासून ओरडायच्या आधी भाऊ भिंतीवर टकटक करत. आई पोळी लाटता लाटता लाटणं ओट्यावर आपटून परवानगी देई.

मी त्यांना काका म्हणायचे. कुंपणावरून वाकून ते आईच्या मेथीकडे बघत उभे राहायचे तेव्हा त्यांच्या गोष्टी तुकड्यातुकड्यांनी ऐकायला मिळत. दुसऱ्या महायुद्धात जर्मनीत शाळेच्या बाकावरून उचलून त्यांना युनिफॉर्म चढवला होता. बंदूक नीट धरता येण्याआधीच ते पकडले गेले आणि इंग्लंडमध्ये एका शेतावर बटाटे काढायला लावले गेले. युद्ध संपल्यावर परत जाण्यासारखं घर उरलं नव्हतं. कैद्यांच्या छावणीत नाटकं होत, त्यात सडपातळ म्हणून त्यांना बायकांची कामं मिळत. तिथून त्यांना ते वेड लागलं. पुढे लंडनमध्ये सिनेमावाल्यांना खरे जर्मन हवे होते, ओरडण्यासाठी. ‘मी फार वाईट सैनिक होतो, मीनल,’ ते मला म्हणाले होते. ‘मला आवाजच चढवता यायचा नाही. सार्जंट म्हणायचा, तू हुकूम देतोस की विनंती करतोस? आणि नंतर सगळं आयुष्य मला लोकांनी ओरडण्याचेच पैसे दिले.’

आमच्या रस्त्यावरची पोरं त्यांच्यामागून पाय ताठ करून, हात वर करून चालायची. ते वळून हॅट उचलायचे आणि पुढे जायचे. तीच पोरं माझ्यामागून दुसरं काहीतरी ओरडायची, आणि मला हॅट उचलायची सोय नव्हती. मी एक उपाय काढला होता. घराबाहेर मराठीचा एक शब्द तोंडातून काढायचा नाही. बसस्टॉपवर आई काही विचारू लागली की मी हळू आवाजात इंग्लिशमध्ये उत्तर देई आणि दुसरीकडे बघे. घरातसुद्धा माझं मराठी म्हणजे लंगडं होतं. ‘तो ताट कुठे आहे?’ असं मी विचारे, आई ‘ते ताट’ म्हणून हातात देई, आणि मी खांदे उडवी. टेबलाला नि ताटाला बाई-पुरुष असण्याची काय गरज आहे, हे मला खरंच कळत नसे. शाळेत मी सतरा वर्षांची, विज्ञान घेतलेली, फार्मसीला जाण्याच्या वाटेवर होते, आणि ती वाट कुणी आखली हे मला आठवतही नव्हतं.

एका शनिवारी सकाळी आई थालीपिठं लावत होती. भाऊंनी भिंतीवर टकटक केली नाही, सरळ मागच्या दाराने आले. गाल लाल झालेले, टक्कल पावसाने ओलं, कोटाच्या आत जपून धरलेलं एक जाडजूड स्क्रिप्ट. ते बसलेच नाहीत.

‘वहिनी,’ ते म्हणाले. बाबांनी शिकवलेला हा एकच मराठी शब्द त्यांना येत होता, पुढचं सगळं इंग्लिशमध्ये. ‘मला काम मिळालंय. मोठं काम. आणि मी यात मरत नाही.’

आईने गॅस बारीक केला. टेलीसाठी नव्वद मिनिटांचा सिनेमा होता. एक जर्मन डॉक्टर दख्खनमधल्या एका खेड्यात दवाखाना काढतो आणि तिथेच म्हातारा होतो. शूटिंग लंडनजवळच्याच एका स्टुडिओत. आधी ज्याला घेतलं होतं तो मोठा नट आजारी पडला, म्हणून हे भाऊंकडे आलं होतं. त्यांनी पान उघडून बोट ठेवलं. तिथे लिहिलं होतं : डॉक्टर मुलाच्या आईशी स्थानिक भाषेत बोलतो. बस्स, एवढंच.

‘स्थानिक भाषा,’ भाऊ म्हणाले. ‘लेखकाला विचारलं कुठली, तर तो म्हणतो, काहीही चालेल, दोन-चार शब्द पुटपुटा. मी पुटपुटणार नाही. हा माणूस चाळीस वर्षं तिथे राहिलाय. तो काय बोलेल, हे तुम्ही मला सांगा.’

‘प्रसंग काय आहे?’ बाबांनी विचारलं.

‘एका बाईचं मूल रात्रभर तापात आहे. मरेल असंच वाटतंय. सकाळी डॉक्टर बाहेर येतो आणि तिला सांगतो, की ते वाचलं.’

आईने तव्यावरचं थालीपीठ उलटलं, पदराला हात पुसले आणि जराही विचार न करता म्हणाली, ‘बाई, लेकरू वाचलं. ते झोपलंय. उठलं की पेज द्या, थोडं मीठ घालून.’

विमान आलं. आम्ही सगळे थांबलो. ते जाईपर्यंत भाऊ आईच्या तोंडाकडे बघत उभे होते, जणू तो आवाज त्यांना तसाच्या तसा पकडून ठेवायचा होता.

त्या दिवसापासून दर शनिवारी आमच्या किचनमध्ये शिकवणी लागली. शिकवायची मी, असं ठरलं होतं, कारण इंग्लिशमधून समजावायला मीच बरी. पहिल्याच दिवशी माझी फजिती झाली. भाऊंनी विचारलं, ‘लेकरू म्हणजे मूल. पण वाचला नाही, वाचली नाही, वाचलं. का?’ मी म्हटलं, असंच असतं. त्यांनी मान हलवली. ‘असंच नसतं. मुलगा, मुलगी, आणि तिसरं. तुमच्याकडे तिसरं आहे?’ मी आईकडे बघितलं. आई म्हणाली, ‘आहे की. तो, ती, ते.’

भाऊ खुर्चीतून उठले. जर्मनमध्येसुद्धा तीन आहेत, ते म्हणाले. इंग्लंडमध्ये आल्यापासून त्यांना चुकल्याचुकल्यासारखं वाटत होतं. इथे सगळ्या वस्तू एकाच गोणीत भरून टाकलेल्या, कुणाला स्वतःचा स्वभाव म्हणून नाही. आणि मग त्यांनी आमच्या किचनमधली एकेक वस्तू उचलायला सुरुवात केली. मीठ? ते, आई म्हणाली. आमच्याकडेही ते. पीठ? ते. आमच्याकडेही. पाणी? ते. आमच्याकडेही. चमचा? तो. भाऊंनी चमचा छातीशी धरला. आमच्याकडेही तो. वाटी, झारा, पोळपाट. काही जुळत, काही नाही. ‘सूर्य?’ त्यांनी विचारलं. ‘तो,’ मी पहिल्यांदाच आईच्या आधी उत्तर दिलं. भाऊ खाली बसले. ‘सूर्य पुरुष आहे? आमच्याकडे ती बाई आहे.’ ते खरोखरच हादरले होते. आई इतकी हसली, की तिला भिंतीला टेकावं लागलं, आणि मीही हसले. इतकी वर्षं मी ज्याच्याशी भांडत होते ते व्याकरण एका परक्या माणसाला सापडलेला खजिना वाटत होतं, आणि तो खजिना माझ्या घरातच पडलेला होता. त्या आठवड्यात ट्यूबमध्ये, लंडनच्या भुयारी रेल्वेत, समोर बसलेल्या माणसांच्या छत्र्या, पिशव्या, पेपर यांच्याकडे बघत मी मनातल्या मनात तो, ती, ते करत होते. फार मजा आली.

शब्द बसले. अडचण आली आवाजाची. ‘बाई, लेकरू वाचलं,’ भाऊ म्हणत आणि ते असं वाटे, की बाईला आता भिंतीशी उभं करून गोळी घालणार. सगळ्या आयुष्याच्या सवयीने शेवटचा शब्द काठीसारखा आपटायचा. त्यांना ते कळत होतं आणि त्याचा त्यांना त्रास होत होता. एकदा त्यांनी कागद टेबलावर ठेवला आणि म्हणाले, ‘माझ्याकडे दुसरा आवाज उरलेलाच नाही बहुतेक.’ त्यांनी हे अगदी साधेपणाने म्हटलं. आई म्हणाली, ‘भाऊ, लेकरू आत झोपलंय ना? मग असं बोलाल तर उठेल की ते.’ मी ते इंग्लिशमध्ये सांगितलं. भाऊंनी कागद पुन्हा उचलला. मग त्यांनी वळून आमच्या जिन्याच्या दाराकडे बघितलं, जणू वर खरंच कुणीतरी झोपलं होतं, आणि वाक्य पुन्हा म्हटलं. या वेळी ते विनंतीसारखं आलं. सार्जंटला मुळीच आवडलं नसतं.

या शनिवारांत आईने त्यांना बरंच काही न शिकवता शिकवलं. ते आले की ती विचारी, ‘जेवलात का, भाऊ?’ आणि उत्तर काहीही असलं तरी ताट वाढी. आज माझ्याकडे भूमिकेसाठी भाषा शिकायला येणारी तरुण नटमंडळी उच्चारांची रेकॉर्डिंग मागतात, लॅपटॉप उघडून तोंडाच्या हालचाली बघतात. मी सगळं देते. पण मनातून मला वाटतं, यांना कुणाच्या तरी किचनमध्ये दोन महिने बसवायला हवं.

शूटिंगच्या दिवशी भाषेच्या मदतीला म्हणून भाऊंनी आम्हा दोघींना नेलं. आईने रजा काढली होती आणि लग्नातली निळी साडी नेसली होती. निघायच्या गडबडीत सकाळपासून तिने चहासुद्धा घेतला नव्हता. स्टुडिओचं दार उघडलं आणि समोर, लंडनजवळच्या त्या थंड मिडलसेक्समध्ये, मातीची भिंत, पळसाची पानं, बाज, पाण्याचा रांजण. वर बघितलं तर लोखंडी पूल आणि शेकडो दिवे. सूर्य एका मचाणावर ठेवला होता आणि एक माणूस दोरीने त्याला थोडा डावीकडे ओढत होता.  टेलीवर जे दिसतं ते कुणीतरी हातांनी बनवतं, हे मला माहीत होतं, पण पाहिलं नव्हतं. त्या धुळीचा, रंगाचा, तापलेल्या वायरींचा वास मला अजून आवडतो. आजही सेटवर पाऊल टाकलं की मी आधी नाकाने आत जाते.

डिरेक्टरचं नाव सायमन. तरुण होता, झोप न झालेला, वाईट नव्हता. मुलाच्या आईचं काम करणारी शीला नैरोबीत जन्मलेली आणि लेस्टरला वाढलेली गुजराती नटी होती. तिने आईला वाकून नमस्कार केला. मग सायमन भाऊंकडे आला आणि म्हणाला, की रात्री विचार करून त्याने तो प्रसंग बदललाय. भाषा काढून टाकायची, लोकांना कळणार नाही. डॉक्टर इंग्लिशमध्येच बोलेल, थोड्या जर्मन ढंगाने, एरिख तर त्यात तरबेज आहेच. शीलाला आदल्या संध्याकाळीच तसं सांगितलं होतं.

मी भाऊंकडे बघितलं. त्यांच्या अंगावर डॉक्टरचा चुरगळलेला पांढरा कोट होता. त्यांचा चेहरा मी टेलीवर अनेकदा पाहिला होता तसा होत गेला, म्हणजे सगळं आत घेऊन कडक. मला वाटलं, आता ते टाच आपटून ‘येस’ म्हणणार. आईला अर्धंच कळलं होतं, पण तिने पदर घट्ट धरला.

‘सायमन,’ भाऊ म्हणाले, ‘मी आजवर कुठल्याच डिरेक्टरला नाही म्हटलेलं नाही. म्हणाल तिथे उभा राहिलो, म्हणाल तेव्हा मेलो. आजही नाही म्हणत नाहीये. एकदा, फक्त एकदा, मला हे मराठीत करू द्या. मग तुम्ही सांगाल तसं इंग्लिशमध्ये करतो.’

सायमनने घड्याळ बघितलं. ‘शीलाकडे तिचं मराठी वाक्य नाही आता.’

शीला म्हणाली, ‘माझी पाठच आहे कॅमेऱ्याकडे. ही मुलगी बाजूला उभी राहून म्हणू दे ना. मी फक्त ऐकेन.’

सगळे माझ्याकडे वळले. मुलाच्या आईचं ते वाक्य भाऊंच्या तालमीसाठी मी शनिवारच्या शिकवणीत शंभरदा म्हटलं होतं, पण किचनमध्ये. इथे चाळीस-पन्नास माणसं होती, त्यांतली बहुतेक गोरी, हातात चहाचे कप, तोंडं माझ्याकडे. बसस्टॉपवर आई बोलू लागली की बघायचे, तशी मी दुसरीकडे बघू लागले. आईने माझ्या पाठीवर हात ठेवला. सायमन म्हणाला, ठीक आहे, एकदा. दिवे लागले. कुणीतरी शांततेसाठी ओरडलं. भाऊ मातीच्या दारातून बाहेर आले, हात पुसत, खांदे पडलेले, आणि शीलासमोर थांबले. आता माझी पाळी होती, आणि मला आठवेना, की ‘माझा’ म्हणायचं, ‘माझी’ म्हणायचं की ‘माझं’. भाऊ वाट बघत होते. त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही, फक्त मान किंचित आत, झोपलेल्या मुलाच्या दिशेने वळवली. आणि मला दिसलंच ते.

‘डॉक्टर,’ मी म्हटलं, मोठ्याने, ‘माझं लेकरू?’

‘बाई,’ भाऊ म्हणाले, ‘लेकरू वाचलं.’ आवाज इतका हळू, की दिव्यांची गुणगुण ऐकू येत होती. ‘ते झोपलंय. उठलं की पेज द्या. थोडं मीठ घालून.’

प्रसंग तिथे संपत होता. पण भाऊ निघाले नाहीत. त्यांनी समोरच्या बाईकडे नीट बघितलं, तिचा थकवा बघितला, आणि आम्ही त्यांना कधीच न शिकवलेल्या सहजतेने विचारलं, ‘आणि तुम्ही? जेवलात का?’

‘कुठलं हो, भाऊ,’ माझ्या मागून आई म्हणाली. ‘सकाळपासून पोटात काही गेलं नाही.’

तिला ते आपण बोललो हेच कळलं नव्हतं. मी वळून बघितलं तर तिचा हात नुकताच तोंडावर जात होता. पण भाऊ जागचे हलले नाहीत, की त्यांची नजर शीलावरून ढळली नाही. त्यांच्या चेहऱ्यावर हसू आणि रडू यांच्या मधलं काहीतरी आलं. ‘मग आधी तुम्ही जेवा,’ ते म्हणाले, आणि वळून दारातून आत गेले. शीलाचे खांदे हलू लागले होते. तिला एक शब्दही कळला नव्हता.

सायमन कट म्हणायला विसरला. मग आवाज रेकॉर्ड करणाऱ्या माणसाने कानावरचं काढलं आणि विचारलं, ‘कोण बोललं ते?’ आई माझ्या मागे लपली. मी सांगितलं, माझी आई, आणि काय बोलली तेही सांगितलं. सायमन जरा वेळ नखं चावत उभा राहिला. ‘थँक यू,’ तो म्हणाला, ‘आता इंग्लिशमध्ये.’ भाऊंनी कबूल केल्याप्रमाणे इंग्लिशमध्ये केलं, पाच-सहा वेळा, उत्तम केलं. परतताना मोटारीत आई एकच पालुपद लावून होती, ‘माझ्यामुळे नासलं. गप्प बसता आलं नाही मला.’ भाऊ गाडी चालवत होते. ‘वहिनी,’ ते म्हणाले, ‘इतक्या वर्षांत माझ्या प्रश्नाला कुणी इतकं खरं उत्तर दिलं नव्हतं.’ मी ते भाषांतर करून सांगितलं. आईला पटलं नाही.

सिनेमा टेलीवर लागेपर्यंत हिवाळा आला. त्या रविवारी संध्याकाळी आमच्या बैठकीत आम्ही चौघं आणि मराठी मंडळातले जोशी पती-पत्नी दाटीवाटीने बसलो होतो. बाबांनी व्हिडिओ रेकॉर्डर सकाळपासून दोनदा तपासला होता. सायमनने काय ठेवलंय ते भाऊंनाही ठाऊक नव्हतं. त्यांना कुणी काही कळवलंच नव्हतं, आणि त्यांनी विचारलं नव्हतं. आईने बटाटेवडे केले होते आणि ते कुणी खात नव्हतं. प्रसंग जवळ येऊ लागला तशी मी सोफ्यावरची उशी ओढून घेतली. मातीची भिंत आली. शीलाची पाठ आली. भाऊ हात पुसत बाहेर आले. टेलीच्या त्या छोट्या स्पीकरमधून माझा आवाज आला, ‘डॉक्टर, माझं लेकरू?’ आणि मी उशी तोंडाशी धरली.

मराठीच ठेवलं होतं. सगळं. खाली इंग्लिशचं एक अक्षर नाही. पेज आली, मीठ आलं. भाऊंनी विचारलं, जेवलात का, आणि शीलाच्या पाठीमागून, हाउन्सलोच्या आमच्या बैठकीत आणि देशभरच्या बैठकींत, आई म्हणाली, ‘कुठलं हो, भाऊ.’

बाबा उभे राहिले. आई सेटवर मध्येच बोलून गेली, हे ते इतके दिवस हसून सोडून देत होते. ‘अगं, हा तुझा आवाज,’ ते म्हणाले, आणि मग तेच पुन्हा, जोशीकाकांकडे वळून, ‘हिचा आवाज आहे हा.’ जोशीकाकू डोळे पुसत होत्या. आई टेलीकडे बघायला तयारच नव्हती. मी मात्र भाऊंकडे बघत होते. ते सोफ्याच्या कडेवर, गुडघ्यांवर हात ठेवून, पडद्यावरच्या त्या म्हाताऱ्या डॉक्टरकडे बघत होते, एखाद्या अनोळखी भल्या माणसाकडे बघावं तसे. शेवटी नावं आली तेव्हा हासेनबाख सगळ्यांत वर होतं. बाबांना पुढे वाकावंच लागलं नाही.

त्यानंतर त्यांची सगळी कामं बदलली असं मी सांगितलं, तर ते खोटं होईल. युनिफॉर्म पुन्हा आले, पूल आणि दऱ्याही आल्या. पण मधूनमधून एखादा बेकरीवाला, एखादा पियानो शिकवणारा, एखाद्या मालिकेतले आजोबा अशी कामं मिळू लागली. ती मिळाली की ते मागच्या दाराने येत, टकटक न करता. शेवटच्या आजारात मी ग्लासगोहून येऊन आईबरोबर त्यांना भेटायला गेले तेव्हा त्यांनी नर्सला माझी ओळख ‘माझी मराठीची टीचर’ अशी करून दिली. मी आईकडे बोट दाखवलं. ते म्हणाले, ‘नाही, ती फक्त बोलत होती. शिकत आपण दोघं होतो.’

पण हे फार पुढचं. सिनेमा लागला त्याच आठवड्यात, शाळेतून मी नुकतीच घरी आले होते, आणि जिन्याखालचा फोन वाजला. आईने उचलला. पलीकडे दुसऱ्या कुठल्यातरी निर्मात्याच्या ऑफिसमधली बाई होती. त्यांच्या मालिकेत एका इंग्लिश नटीला मराठी बोलणाऱ्या नर्सचं काम करायचं होतं, आणि सायमनने आमचा नंबर दिला होता. आईने सगळं शांतपणे ऐकून घेतलं. मग आपल्या किचनमधल्या इंग्लिशमध्ये, एकेक शब्द नीट ठेवत, ती म्हणाली, ‘माय डॉटर इज टीचर. प्लीज होल्ड,’ आणि रिसीव्हर माझ्यापुढे धरला.

मी हाताने तो दाबून धरला. ‘आई, मला नीट येत नाही. तुला माहितीये मला नीट येत नाही.’

‘विचार, कधी यायचं,’ आई म्हणाली.

फार्मसीच्या इंटरव्ह्यूचं पत्र स्वयंपाकघरात फ्रिजवर लावलेलं होतं. मला ते दिसत होतं, आणि त्याचं मला त्या क्षणी काहीच वाटलं नाही. मी रिसीव्हरवरचा हात काढला आणि पलीकडच्या बाईला हॅलो म्हटलं. मी तिला विचारलं, कधी यायचं. ती म्हणाली, गुरुवारी. मी हो म्हटलं, पत्ता हातावर लिहून घेतला आणि फोन ठेवला.

आईने गॅस बंद केला होता. तिने दोन खुर्च्या समोरासमोर ओढल्या, एकीवर बसली आणि दुसरीकडे बोट केलं.

‘बस,’ ती म्हणाली. ‘गुरुवारपर्यंत वेळ आहे आपल्याकडे.’